आडनावातला राजा

आमच्या राजाध्यक्षांनी स्वतःच्या आडनावातला राजा कापून टाकला होता. नवा माणूस भेटला की हात पुढे करून म्हणायचे, "मी अध्यक्ष." एका गणेशोत्सवात नव्या कार्यकर्त्यांना ते मराठी मंडळाचेच अध्यक्ष वाटले. आरतीचं तबक यांच्या हातात, शाल यांच्या खांद्यावर, आणि खरे अध्यक्ष चपलांच्या ढिगापाशी उभे! यांनी चकार शब्द काढला नाही. मला हळूच म्हणाले, "निवडून आलेल्या माणसाला थोडं मागे उभं राहायची सवय हवी."

त्यांच्याकडे पत्ते खेळायला बसलं की आधी चारही राजे खोक्यात परत जायचे. "राजा बाद!" बदामसात राणीवर संपायचं. हॉलंडच्या राजाच्या वाढदिवसाला आमचं अख्खं डेल्फ्ट गाव नारिंगी कपडे घालून कालव्याकाठी नाचत असे, तेव्हा हे काळा शर्ट घालून सायकलवर. एका डच शेजाऱ्याने सौजन्याने विचारलं, "घरी कोणी गेलं का?"

"हो. तिघं. साडेतीनशे वर्षं झाली."

हे तिघं आम्हा सगळ्यांना तोंडपाठ होते. इंग्लंडात राजा आणि पार्लमेंट यांचं युद्ध झालं, पार्लमेंट जिंकलं आणि राजाचं डोकं उडवलं गेलं. पुढे त्याच राजाचा मुलगा गादीवर आला आणि सूड सुरू झाला. शिक्षेवर सह्या करणाऱ्यांपैकी तिघं इथे, डेल्फ्टमध्ये पकडले गेले आणि लंडनला नेऊन मारले गेले. पकडणारा माणूस त्यांच्यातल्याच एकाच्या पलटणीत पूर्वी पाद्री होता. पुण्याहून पाहुणे आले की अध्यक्ष त्यांना ही गोष्ट सांगत गल्ल्यांतून हिंडवायचे. पाहुण्यांना इथली प्रसिद्ध निळी चिनी मातीची भांडी बघायची असायची.

"दोघं नुसते बायकांना भेटायला आले होते हो," इथे पोचले की त्यांचा आवाज बसायचा. स्वतः लग्न केलं नव्हतं.

इथल्या पासपोर्टात राजाच्या नावाने मजकूर असतो, म्हणून त्यांनी तो घेतला नाही. कायम राहण्याचा कागदही "बघू" म्हणत राहून गेला. नोकरीच्या परमिटवरच ते पन्नाशी ओलांडून पुढे गेले.

आम्ही एकाच कंपनीत होतो. इथे कर्मचाऱ्यांची निवडून दिलेली परिषद असते, मोठ्या निर्णयाआधी डायरेक्टरला तिचं मत घ्यावं लागतं. आम्ही काहीजण तिच्यात होतो. अध्यक्षही होते आणि तिला अर्थातच पार्लमेंट म्हणायचे. डायरेक्टरने टेस्टिंगचा विभाग बंद करायचं ठरवलं, तेव्हा त्यांचे डोळे चमकले. रोज संध्याकाळी त्यांच्या घरी खलबतं. विरोध कसा करायचा, कुणी काय बोलायचं, सगळं ठरलं. सगळ्यात मोठ्याने हो म्हणत होता मंदार. पुण्याहून आला तेव्हा त्याला घर मिळेना, तर अध्यक्षांनी त्याला सहा महिने स्वतःकडे ठेवून घेतलं होतं.

बैठकीत डायरेक्टरकडे प्रत्येक मुद्द्याचं उत्तर तयार होतं. न मांडलेल्या मुद्द्यांचंसुद्धा. अध्यक्षांनी वळून आमच्याकडे पाहिलं. कुणी लॅपटॉपमध्ये, कुणी कॉफीत. मंदार खिडकीबाहेर.

विभाग बंद झाला. अध्यक्षांची नोकरी गेली. मंदार टीम लीड झाला.

"पाद्रीबुवा," अध्यक्ष एवढंच म्हणाले आणि हसले. ते हसणं मला बघवलं नाही. परमिटवाल्याला नवी नोकरी शोधायला तीन महिने मिळतात, नाहीतर देश सोडावा लागतो. त्यांच्या वयाला ते पुरले नाहीत. ज्यांच्यासाठी भांडले, त्यांतल्या एकानेही फोन केला नाही.

त्याच सुमारास मंदारला मुलगी झाली. त्याच्या आईला व्हिसा मिळाला नव्हता. सरकारी पद्धतीप्रमाणे घरी येणारी नर्स आठवडाभर आली आणि गेली. अध्यक्षांच्या भारतात परत निघण्याच्या आदल्या दिवशी मी त्यांच्याकडे गेले, तर रिकाम्या घरात तुपाचा वास. टेबलावर स्टीलचा डबा, डिंकाच्या लाडवांनी भरलेला.

"सायलीला देऊन ये. तू केलेस म्हणून सांग."

सायली म्हणजे मंदारची बायको. माझं डोकंच फिरलं. "त्याच्या घरी? आणि द्यायचेच तर तुम्ही द्या ना, माझं नाव कशाला?"

"मी गेलो तर दार त्याला उघडावं लागेल." ते डब्याचं झाकण पुन्हा पुन्हा दाबत होते. "मग तो रडेल, नाहीतर खोटं बोलेल. बाळंतिणीच्या घरात कशाला ते?"

मला जायला दोन दिवस लागले. मुद्दामच लावले. मंदारने बाळ खांद्यावर घेऊनच दार उघडलं. झोप नाही, दाढी वाढलेली. "ताई, तुम्ही केलेत?" म्हणत त्याने तिथेच एक लाडू तोंडात टाकला.

चावता चावता थांबला. सहा महिने तो त्या हातचं जेवला होता.

"एवढं जायफळ तुम्ही नाही घालत," तो म्हणाला.

मी डब्याचं झाकण लावलं.

"घरी आहेत का आत्ता?" तो चपला शोधायला लागला. बाळ खांद्यावरच. "ताई, दोन मिनिटं थांबता का? मी सायकलने जाऊन येतो."

"काल गेले," मी म्हणाले.