तिसऱ्या मजल्यावरचा समुद्र

नानांच्या घरात पाऊल टाकलं की ते आधी विचारतात, "समुद्र कसा आहे?" घर वर्तकनगरात, तिसऱ्या मजल्यावर. मी तिथे पोळी-भाजी करायला जाते. सुरुवातीला मी लाजून नुसती मान हलवायचे. मग नानांच्या बायकोने, काकूंनीच शिकवलं, "शांत आहे म्हण गं, नाहीतर आत सोडायचे नाहीत."

नाना तरुणपणी एका जहाजावर जेवण वाढायला होते. जहाज मुळात सैनिक नेणारं. लढाई संपल्यावर त्याच्यावरच्या तोफा उतरवल्या, पियानो चढवला आणि तुमच्याआमच्यासारखी माणसं न्यायला लागले. सैनिकांच्या झोपायच्या झोळ्या टांगायचे आकडे मात्र छताला तसेच राहिले, रंगाखाली. एवढं गॅसवाल्यालाही पाठ आहे. सिलिंडर दारात ठेवून तो जिन्याकडे पळतो, तरी नाना कठड्यावरून ओरडतात, "अरे थांब, पियानो कसा चढवला ते राहिलं!"

काकूंचा उजवा हात वर्षभर थरथरतोय. आमटी सांडते म्हणून त्या कुणासमोर जेवत नाहीत. माझ्याजवळ ओट्याशी उभ्यानेच दोन घास खातात. त्यात मुलीचे सासू-सासरे डोंबिवलीहून जेवायला यायचं ठरलं.

"मला उपास आहे म्हणून सांगा," काकू म्हणाल्या.

"कसला?"

"तो तुम्ही शोधा."

पाहुणे यायच्या दिवशी नानांनी टेबलावरची चादर नळाखाली भिजवली, पिळली आणि तशीच ओली अंथरली. मी बघतच राहिले.

"ताटं सरकत नाहीत," ते म्हणाले. मग आवाज खाली आणून, "एक म्हातारा सैनिक आमच्या जहाजावर प्रवासी म्हणून आला. लढाईला त्याच जहाजातून गेलेला. हात थरथरायचे, म्हणून जेवायला यायचाच नाही. समुद्र तेलासारखा शांत, तरी आमच्या साहेबाने टेबलं ओली केली, वाट्या अर्ध्याच भरल्या, आणि सांगून टाकलं, वादळ येतंय! सगळेच जपून जेवायला लागले. मग तोही आला."

पाहुणे बसले. नाना गरजले, "आज जहाजावरचं जेवण! ताट धरून जेवायचं!"

"अहो नाना, आम्ही रिक्षाने आलोय," सासूबाई म्हणाल्या.

"धर गं ताट," सासरे म्हणाले, "रस्त्यात याहून जास्त हललो आपण."

काकू आल्या, बसल्या. पहिलाच चमचा वाटीवर खडखडला. सासूबाईंनी काकूंकडे मान वळवली. तेवढ्यात नानांनी आपली वाटी स्वतःच्या पांढऱ्या सदऱ्यावर उपडी केली.

"लाट!"

सासऱ्यांनी ताट उचललं, सासूबाईंनी दोन्ही हातांनी धरलं. हसून हसून त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. त्या गोंधळात काकू खाली मान घालून जेवत होत्या. थोड्या वेळाने मला म्हणाल्या, "सुमन, आमटी वाढ गं."

पाहुणे गेल्यावर मी सदरा धुवायला घेतला. काकूंनी तो माझ्या हातातून ओढून घेतला.

"दे इकडे. माझा हात आयता हलतोय, डाग लवकर निघेल."

हाताचं नाव त्यांनी त्या दिवशी पहिल्यांदा घेतलं. नाना मोठ्याने हसले. मग बनियनवरच गॅलरीत गेले आणि आमच्याकडे पाठ करून बराच वेळ उभे राहिले. खाली गॅसवाला सायकल लावत होता. त्यालासुद्धा त्यांनी हाक मारली नाही.