दामूअण्णांचं आवतण

जेवणाच्या वेळी कुणी दारात आलं, की दामूअण्णा आतून स्वतःच ओरडून सांगत, "अण्णा घरात नाहीत." आवाज त्यांचाच, हे येणाऱ्याला कळे, आणि त्याला कळलंय, हे अण्णांनाही कळे. श्रीवर्धनातली सुपारीची सर्वांत मोठी वाडी त्यांची. पण बायको गेल्यापासून त्या घरात पाहुण्याचं पान वाढलं गेलं नव्हतं. का, म्हणून विचारलं तर म्हणत, "सवय लागते हो, मास्तर." मी ते चिकटपणावर ढकलून मोकळा होई.

चीनची लढाई सुरू झाली आणि याच माणसाने मुंबईहून पोत्यांनी लोकर आणवली. मी हादरलोच. गावातल्या बायकांना ओटीवर बसवून त्यांनी जवानांसाठी स्वेटर विणायला लावले. आमच्या दमट गावात स्वेटर घालतो कोण? पहिल्याच स्वेटरची एक बाही गुडघ्यापर्यंत आली. अण्णांनी ती उसवली आणि स्वतःच सुया हातात घेतल्या. पंचा नेसून टाके घालणारे अण्णा बघून पोस्टमन पत्र न देताच परत गेला.

पुढचा धक्का त्याहून मोठा. प्रत्येक स्वेटरच्या खिशात ते एक सुपारी आणि आपल्या पत्त्याची चिठ्ठी घालत. आमच्याकडे कार्याचं आमंत्रण सुपारी देऊन करतात. सुपारी घेतली की जेवायला जायचं. बर्फातल्या पंजाब्याला हे कसं कळावं? तो चघळून थुंकून टाकेल, असं मी म्हटलं.

"टाकू दे," अण्णा म्हणाले. "एखाद्याला तरी कळेल."

लढाई थांबली. अण्णा रोज दुपारी दोन पाट मांडू लागले. गाव हसलं. मीही हसलो, त्याची अजून लाज वाटते.

शिमग्याच्या सुमारास म्हसळ्याकडचा एक जवान दारात उभा राहिला. मी तिथेच होतो.

"इस्पितळात सुपारी मिळाली," तो म्हणाला. "आवतण हाय, म्हणून आलो."

अण्णांनी घाईघाईने पान वाढलं. तो पाटावर बसला, पण अंगावरच्या चादरीतून हात काढेना. शेवटी काढले. बर्फाने दोन्ही हातांची बोटं नेली होती. तो ओशाळून उठू लागला.

अण्णांनी त्याला खांद्याला धरून बसवलं. सोवळ्यातला हा माणूस, त्याची जातही न विचारता त्याच्या पानात भात कालवू लागला. पहिला घास त्याच्या तोंडाशी धरून अण्णांनी हळूच विचारलं, "चार दिवस राहशील ना?"