जनूनानांची धास्ती

रेवदंड्यातले आमचे शेजारी जनूनाना मोबाइलच्या कॅमेऱ्यावर चिकटपट्टी लावूनच फोनवर बोलत. "आतून कोन बगत आसंल, काय सांगावं!" वादळात होडी हाकलेला हा माणूस जमिनीवर मात्र कशालाही भ्यायचा. हवालदार दिसला की जवळच्या दुकानात शिरायचा आणि नको असताना मीठ विकत घ्यायचा. घरात मिठाच्या पिशव्यांची थप्पी लागली होती. वर त्यांचं ठरलेलं वाक्य, "आपलं नाव नको निघायला!"

बायको कधीच गेलेली. एकुलती एक पल्लवी मुंबईत वेबसिरीजच्या एडिटिंगचं काम करायची.

एका रविवारी नाना चहाला आले, तेव्हा आम्ही मोबाइलवर नवी सिरीज बघत होतो. कुणीतरी ग्रुपवर फुकट टाकली होती. नानांनी वाकून नाव वाचलं आणि हातातली बशी खाली ठेवली.

"ही तर पल्लवीची. दिवालीला येनार हाय म्हनाली. तुमच्याकडं आत्ताच कशी?"

मी सिरीज बंद केली. गोष्टीत पुढे काय झालं, हे घरात कुणीच विचारलं नाही.

संध्याकाळी पल्लवीचा फोन आला. "नाना, सगळे भाग बाहेर फुटलेत. फायली माझ्याकडेपण होत्या. उद्या पोलिसांनी बोलावलंय."

सकाळी मी नानांबरोबर मांडव्याहून लाँचने मुंबईला निघालो. समुद्र शांत होता, तरी नाना कठडा दोन्ही हातांनी धरून उभे. "पोरीला आत टाकतील का रे?" एवढंच पुन्हा पुन्हा विचारत होते.

पोलीस ठाण्यात पल्लवी भिंतीला टेकून बसली होती. तिला आत बोलावलं, तसे नानाही उठले.

"तुम्ही बाहेर थांबा," साहेब म्हणाले.

"सायेब, मी लय भितो," नाना म्हणाले. "पन हितं बाहेर बसलो तर त्याहून जास्त भीन."

साहेबांनी त्यांना आत खुर्ची दिली.

चोरी दुसऱ्याच ठिकाणाहून झाल्याचं पुढे निघालं. पल्लवी संशयातून सुटली. पण फुकटात सगळ्यांनी बघून टाकलेल्या सिरीजचा पुढचा सीझन काढायला कोण पैसे घालणार? तो रद्द झाला, आणि पल्लवीसकट सगळ्यांचं काम गेलं. ती बॅग घेऊन रेवदंड्याला परतली.

परवा दुपारी त्यांच्या अंगणात डोकावलो. वाळत घातलेल्या बोंबलांवर कावळे तुटून पडले होते आणि नाना तोंडातून हूं की चूं न करता नुसते हात हलवत इकडून तिकडे धावत होते. मी हाक मारणार, तेवढ्यात त्यांनी तोंडावर बोट ठेवलं.

"पोर आता कुठं झोपलीय," ते कुजबुजले. "झोपेतपन दचकते रे. मला म्हाईत हाय, कसं व्हतं ते."

आणि पुन्हा कावळ्यांमागे अनवाणी धावले.