आर्नेच्या आईची एक ओळ

आर्ने आमच्या घरी आला की आधी फ्रिज बंद करतो. हाय-हॅलो नंतर. ‘तो गुणगुणतो,’ म्हणतो, ‘माइकला ऐकू येतं.’ पुन्हा चालू करायचं मात्र त्याच्या कधीच लक्षात राहत नाही. आमचं दूध दोनदा नासलं.

एडिसनमधला आमचा हा शेजारी मूळचा नॉर्वेचा, सत्तरी ओलांडलेला. उभा जन्म लोकगीतांवर माहितीपट काढण्यात गेला. कोळ्यांची, मेंढपाळांची, गावोगावच्या म्हाताऱ्यांची गाणी. बायको अमेरिकन, म्हणून इकडे आला; ती गेली, हा राहिला. कुणी नुसतं गुणगुणलं तरी याचा कॅमेरा सुरू. एकदा आमच्या प्लंबरला त्याने सिंकखालून बाहेर येऊ दिलं नाही, तिथे त्याचा आवाज छान घुमत होता म्हणून.

मागच्या उन्हाळ्यात नागपूरहून आई आली. ती पोळ्या लाटताना ओव्या म्हणते. मग काय, आर्ने रोज हजर. ‘वन मोअर, प्लीज.’

एक दिवस आईने लाटणं खाली ठेवलं. “भाऊ, साऱ्या जगाच्या आयांची गाणी जमवली तुम्ही. आता तुमच्या आईचं म्हणा न एक.”

मी त्याला इंग्रजीत सांगितलं. आर्नेने कॅमेरा बंद केला. मग अंगाईची एक ओळ म्हटली आणि थांबला.

“पुढे?” आईने विचारलं.

“पुढचं येत नाही,” तो म्हणाला. “मी सदा शूटिंगवर. आईचं काय, कधीही रेकॉर्ड करू, असं वाटायचं. मशीन घेऊन गेलो, तेव्हा तिची वाचा गेली होती.”

मी ते आईला सांगितलं. नागपूरला परत जाईपर्यंत ती रोज त्याच्याकडून ती ओळ म्हणवून घेत राहिली.

गेल्या शनिवारी सकाळी तिला व्हिडिओ कॉल केला. नागपुरात संध्याकाळ. मांडीवर माझ्या बहिणीची तान्ही मुलगी, आणि आई तीच ओळ म्हणत होती, नॉर्वेजियन उच्चारांना पार वऱ्हाडी करून. मी फोन घेऊन तसाच शेजारी गेलो. आर्ने दारात उभा राहून ऐकू लागला. एकही उच्चार त्याने दुरुस्त केला नाही. ओळ संपली की आई पुन्हा पहिल्यापासून.

बऱ्याच वेळाने त्याने हळूच विचारलं, “झोपली का?”