दोरीवरचं पिवळं लुगडं

पिवळं लुगडं दोरीवर होतं, पण ते धुतलेलं नव्हतं.

गिरजाक्कानं दोनदा हात लावून पाहिला. ठणठणीत कोरडं. घडीची रेघसुद्धा मोडलेली नव्हती. म्हणजे सून सुमंगलेनं ते पेटीतून काढलं, सरळ अंगणात आणलं आणि वाळत घातलं. वाळलेलं लुगडं वाळत घालणारी बाई एकतर खुळी असते, नाहीतर पोचलेली. सुमंगला खुळी नव्हती. खुळी असती तर गिरजाक्कानं बावीस वर्षं तिला एवढ्या मेहनतीनं बोल लावलेच नसते.

अंगणापुढं उतार, उताराखाली कापणी झालेले भाताचे वाफे, आणि वाफ्यांपलीकडं गुणाचं घर. गुणा ही गिरजाक्काची धाकटी जाऊ. अकरा वर्षांमागं एका फणसाच्या झाडावरून दोघींचं वाजलं. झाड पुढं वाऱ्यानं पडलं, भांडण मात्र उभंच राहिलं. या घरचा पाय त्या घरी पडायचा नाही, असा गिरजाक्काचा हुकूम होता. गुंद गावात देवळामागच्या खडकावर चढल्याशिवाय फोनला रेंज मिळत नाही, आणि तो खडक गिरजाक्काच्या ओसरीवरून स्वच्छ दिसतो. त्यामुळं हुकूम पाळला जातो अशी तिची समजूत होती.

आता त्या समजुतीला कसर लागली; दोरी तर गुणाच्या दारातून स्वच्छ दिसत होती. आणि घरात एक मोठा विषय होता: नात रक्षाचं लग्न. खानापूरकडच्या निखिलच्या घरच्यांना गिरजाक्कानं शब्द दिला होता आणि तीन आठवड्यांनी ती माणसं बोलणीला यायची होती. मुलगा गणपती "बघू की" म्हणाला होता. सून काहीच म्हणाली नव्हती. आणि रक्षा पदवी संपवून घरी आल्यापासून ओसरीवर बसून एक जाड पुस्तक वाचत होती, जणू लग्न दुसऱ्याच कुणाचं आहे.

"काय वाचाय लागलीस गं एवढं?" गिरजाक्कानं विचारलं.

"गुप्त लिपीचं गणित, आज्जी. चोरून निरोप कसा धाडायचा, आणि दुसऱ्यानं त्यो कसा फोडायचा."

"चोरून बोलाय गणित कशाला? आमच्या वेळी नुसता खोकला पुरायचा."

"राजांना खोकला पुरत नव्हता. ते अक्षरं सरकवून लिवायचे. 'क'च्या जागी 'घ', 'ख'च्या जागी पुढचं. वाचणाऱ्याला वाटायचं, माकडानं लिवलंय. मग हजारएक वर्षांमागं बगदादला एक पंडित झाला. त्यो म्हणाला, अक्षरानं सोंग बदललं तरी सवय बदलत न्हाई. बोलण्यात जे अक्षर सारखं येतंय, त्याचं सोंगबी सारखंच येणार. नुसतं मोजायचं."

"काय मोजायचं?"

"कुठली खूण किती वेळा आली, आणि कशाच्या संगं आली."

गिरजाक्काची शाळा दुसरीत संपली होती, पण मोजायला तिला कुणी शिकवावं लागलं नव्हतं. शेजारणींच्या चुका ती पन्नास वर्षं मोजत आली होती. त्याच दुपारी तिनं भाताच्या कणगीमागं करवंट्या मांडल्या आणि ओंजळभर चिंचोके घेतले. दोरीवरच्या प्रत्येक खुणेला एक करवंटी. खूण दिसली की चिंचोका टाकायचा, आणि दिवसभरात काय घडलं ते ध्यानात ठेवायचं. ध्यान तिचं दांडगं होतं. सुमंगलेनं लग्नाच्या तिसऱ्या दिवशी कुठली भाजी खारट केली होती, हे ती अजून सांगू शकत असे.

बारा दिवसांत लिपी उसवली. उलटा परकर म्हणजे गणपती रामनगरच्या बाजाराला गेला. दोन पंचे एकाला एक लावून म्हणजे गुणा दुपारी वहाळावर येणार. खात्री करायला ती पंचे दिसताच वहाळाकाठच्या करवंदीच्या जाळीआड जाऊन बसली. मुंग्यांनी तिला फोडून काढलं, पण गुणा आली, पाठोपाठ सुमंगला आली. दोघी धुणं आपटत बोलल्या. पाण्याच्या आवाजात एकच शब्द कानावर आला: धारवाड.

एक शब्द पुरला. धारवाड म्हणजे पुढचं कॉलेज. खानापूरला दिलेला शब्द मोडून पोरीला धारवाडला धाडायचा घाट चालला होता, आणि तोही गुणाच्या मदतीनं. गिरजाक्का तरातरा घरी आली. सुनेची कशी सालटी काढायची ते वाटेतच ठरलं होतं. पण ओसरीवर रक्षा होती.

"आज्जी, लिपी फोडण्यापेक्षा अवघड काय असतंय, म्हाईत हाय?" तिनं आपणहूनच सुरुवात केली. "महायुद्धात जर्मनांचं एक यंत्र होतं. त्याची किल्ली रोज बदलायची. इंग्रजांनी तेबी फोडलं. जहाज कुठनं येतंय ते त्यांना आधीच कळायचं. पण लगेच बुडवायचे न्हाईत. आधी एक विमान वरनं फिरवून आणायचे, म्हणजे जर्मनांना वाटावं, विमानानं बघितलं."

"आणि विमान नसलं तर?"

"तर गप बसायचं. आपल्याला कळलंय, हे त्यांना कळलं की ते लिपी बदलतात. मग पुन्हा आंधळं."

गप बसणं ही विद्या गिरजाक्काच्या घराण्यात कुणाला आली नव्हती. तरी ती गप बसली.

एक खूण मात्र सुटत नव्हती: पिवळं लुगडं. बारा दिवसांत नऊ चिंचोके. सगळ्यांत भरलेली करवंटी तीच, आणि त्या लुगड्यानंतर घडायचं काहीच नाही. ना गुणा यायची, ना गणपती जायचा. शेवटी तिनं नातीला आडून विचारलं.

"समज, एक खूण सारखी येती, आणि तिच्यामागनं काहीच घडत न्हाई. मग?"

"मग तिच्या आधी काय घडतं, ते बघावं," रक्षा पुस्तकातून मान वर न करता म्हणाली.

गिरजाक्का कणगीमागं जाऊन बसली आणि एकेक दिवस मागं फिरवू लागली. पहिला दिवस: दूध उतू गेलं म्हणून तिनं सुनेच्या माहेरापर्यंत मजल मारली होती. दुसरा: आमटी आळणी, ताट ढकललं. चौथा: गणपतीनं कोयता परड्यात विसरला. पाचवा: काहीच झालं नव्हतं, म्हणून तिनं काल झालेलं उकरून काढलं होतं. नवाच्या नऊ दिवशी लुगड्याआधी एकच आवाज झाला होता, आणि तो तिचा स्वतःचा. सगळी माणसं मोजली होती. मोजणारी तेवढी मोजायची राहिली होती.

तरी पुरावा पाहिजे म्हणून दुसऱ्या दिवशी सकाळी तिनं ताक आंबट झाल्याचं निमित्त काढून घर डोक्यावर घेतलं. सुमंगला मुकाट आत गेली, पिवळं लुगडं घेऊन बाहेर आली, दोरीवर टाकलं. खालच्या पायवाटेनं वाडीतला भिकाजी वर येत होता. वळणावर त्यानं दोरीकडं पाहिलं, डोकं खाजवलं, आणि काहीतरी विसरल्यासारखं करून माघारी फिरला.

म्हणजे एकटी गुणाच नाही. अख्खी वाडी वाचत होती. त्या वळणावरून माघारी फिरणारी माणसं गिरजाक्का किती वर्षं बघत आली होती. वाकून बघतात आणि परततात. तिला वाटायचं, दरारा आहे. पिसाळलेलं कुत्रं बांधलंय की सुटलंय ते बघून माणसं अशीच परततात, हे तिला आज कळलं, आणि हे सांगायला जवळ कुणी माणूस नव्हतं.

ओरडावं तर लुगडं चढणार. तेव्हा तिनं ठरवलं, आता गोड व्हायचं. लुगडं पेटीतच कुजू दे. दोरी मोकळी दिसली की ही मंडळी बेसावध होतील, धारवाडचं आपल्या तोंडानं बोलतील, आणि मग रीतसर, उजळ माथ्यानं आपण ते मोडून काढू.

पहिल्याच दिवशी आमटी जळली. गिरजाक्का म्हणाली, "असू दे की. जळक्याला चव असती." सुमंगलेच्या हातातली पळी खाली पडली.

दुपारपर्यंत दोरी मोकळी, आणि दुपारी भिकाजी दारात.

"गिरजाक्का, घरी पूजा हाय. तेवढा तांब्याचा मोठा हंडा मिळंल काय?"

हा हंडा तिनं सख्ख्या भावाला दिला नव्हता. पण नाही म्हणावं तर आवाज चढणार, आणि आवाज चढला की लुगडं. "ने की," ती म्हणाली. ते दोन शब्द घशातून काढताना तिला फणसाची आठळी गिळल्यासारखं झालं, फक्त उलट्या बाजूनं.

भिकाजीनं हंडा डोक्यावर घेऊन वाडीतून मिरवत नेला. दुसऱ्या दिवशी रांग लागली. गेली कित्येक वर्षं वाडीच्या पोटात साचलेल्या मागण्या एकदम बाहेर पडल्या. महेशनं शिडी नेली. कुणी मुसळ नेलं, कुणी घमेलं. एक बाई वासरू बांधायला परडं मागून गेली आणि वासराबरोबर गायही सोडून गेली. बचत गटाच्या बायकांनी बैठकीसाठी ओसरी मागितली, आणि बैठक संपल्यावर त्यातल्या तिघी चहाला थांबल्या. अंड्यावर बसलेली कोंबडी एक माणूस टोपलीसकट घेऊन गेला; पिल्लं झाली की आणून देतो म्हणाला, किती ते बोलला नाही. चौथ्या दिवशी गिरजाक्काला मिरची कुटायची होती. मुसळ एका घरी होतं, उखळ दुसऱ्या.

"मामी, आणू काय मागून?" सुमंगलेनं विचारलं.

"राहू दे," गिरजाक्का दातांवर दात ठेवून म्हणाली. "वापरू देत लोकं."

गणपती हळूच बायकोला म्हणाला, "डाक्टरला दाखवूया काय?"

पाचव्या दिवशी सकाळी वाफ्यांमधून गुणा चालत आली. अकरा वर्षांत पहिल्यांदा. उसनं न्यायला हातात पिशवी नव्हती, ना टोपली. त्यावरूनच गिरजाक्कानं ओळखलं की ही सगळ्यांत मोठं काहीतरी न्यायला आलीय.

"अक्का, बरी हाईस न्हवं?"

"हंडा सोडून सगळं बरं हाय."

गुणा ओसरीवर टेकली. तिच्या शेजारी गणपती बसला, त्याच्याशेजारी रक्षा. सुमंगला चौकटीला टेकून उभी राहिली. गणपतीनं घसा साफ केला.

"आई, रक्षाला धारवाडला पुढच्या गणिताला जागा मिळालीया. दोन वर्सं."

"माझा भाऊ ऱ्हातोय की तिथं," गुणा म्हणाली. "पोरीची सोय हुईल."

"मामी, खानापूरच्यांना न्हाई म्हणावं लागंल," सुमंगला म्हणाली. बावीस वर्षांत पहिल्यांदा ती मान वर करून बोलली. तिच्या पदराआडून पिवळ्या लुगड्याचं टोक डोकावत होतं. दारूगोळा तयार ठेवूनच मंडळी बोलणीला बसली होती.

हीच ती घटका. यासाठीच हंडा गेला, कोंबडी गेली. शब्द दिलाय, पोरगी खानापूरलाच जाईल, एवढं म्हणायचं होतं. गिरजाक्कानं तोंड उघडलं, आणि समोरचे चार चेहरे तिला दिसले. लवंगी माळ पेटवल्यावर माणसं कानांवर हात ठेवून उभी राहतात, तसे. ती काय बोलणार, कुठल्या पट्टीत बोलणार, कुणाच्या माहेरापाशी जाऊन थांबणार, सगळं त्यांना पाठ होतं. आता ओरडली की चौघं मनातल्या मनात मान डोलावणार: आलं उत्तर बरोबर. ज्याची सवय कळली, त्याची लिपी फुटली.

तिनं तोंड मिटलं. मग सावकाश पुन्हा उघडलं.

"जाऊ दे की पोरीला," ती म्हणाली. "खानापूरला मी सांगीन. शब्द माझा. मोडायचा तर मीच मोडीन."

सुमंगलेचा हात पदराआडच राहिला.

"आई, तुला बरं वाटंना काय?" गणपतीनं विचारलं.

"साकू आता, पुरं झालं," गिरजाक्का म्हणाली. "कामाला लागा."

मंडळी उठली. गुणा जाताना दोनदा मागं वळून बघत गेली. गिरजाक्का ओसरीवर ताठ बसून राहिली. खानापूरकरांपुढं नाक कापून घ्यावं लागणार होतं, नात चालली होती, घरात भांडं शिल्लक नव्हतं. पण निदान आज तिला कुणी वाचू शकलं नव्हतं. त्या एका समाधानावर ती पाचेक मिनिटं टिकली असेल.

मग रक्षा येऊन पायाशी बसली.

"आज्जी, कणगीमागच्या करवंट्या मी पयल्याच दिवशी बघितल्या."

गिरजाक्काची मान सावकाश वळली. "मग बोलली का न्हाईस?"

"कळलंय हे कळू द्यायचं नसतंय."

"ती विमानाची गोष्ट..."

"तुझ्यासाठीच सांगितली. त्या दिवशी तू वहाळावरनं मुंग्या झाडत आलीस. आईला फाडून खाल्ली असतीस."

"आणि मी जा म्हणीन, हे?"

रक्षा जरा संकोचली, पण गणितात उत्तर दडवायचं नसतं असं शिकलेली होती. "माणसं एका बाजूला बसून एकच वाट बघाय लागली की तू उलटं करतीस. नेहमी करतीस. म्हणून तर धाकल्या आज्जीला बोलवून घेतलं. नुसती आम्ही तिघं कमी पडलो असतो."

गिरजाक्कानं उताराखाली पाहिलं. समोर गुणाचं घर होतं, मध्ये रिकामे वाफे. मग तिनं विचारलं, "तर मग आता मी काय म्हणणार, तेबी सांग."

"म्हणशील, लई शानी झालीस, ऊठ, चहा ठेव."

'लई' ओठांपर्यंत आलेलाच होता. गिरजाक्कानं तो गिळला, गुडघ्यावर हात टेकून उठली आणि स्वतःच स्वयंपाकघरात गेली. चूल पेटवली, पाणी ठेवलं. बाहेरून नातीचा आवाज आला, "आई, आज्जी चहा ठेवाय लागलीया. आपल्याला न्हाई हां, तिच्यापुरताच."

पातेल्यात एकच कप पाणी होतं. गिरजाक्का त्या पाण्याकडं बघत उभी राहिली. आता वाढवावं तरी पंचाईत, न वाढवावं तरी पंचाईत. पाण्याला उकळी आली, पत्ती पडली, आणि तिचा हात आपोआप साखरेच्या डब्याकडं गेला. डब्याच्या झाकणावर तो थांबला: हीही सवयच. मग तिनं हात मागं घेतला, चहा गाळला आणि तिथंच चुलीपुढं बसून एकटीनं प्यायला सुरुवात केली.

बिनसाखरेचा चहा तिला जन्मात कधी सोसला नव्हता. तिनं तो शेवटच्या घोटापर्यंत संपवला.