त्रिंबकपंतांचे नांगर

त्रिंबकपंत माणसाला नाव विचारण्याआधी त्याच्या नांगराची चौकशी करत. समोर हात जोडून उभा असलेला कुणबी मुळात पुण्याला आल्यानंच बावरलेला असे. त्यात हा गंभीर चेहऱ्याचा कारकून कानावरचा बोरू काढून विचारी, "फाळ कुठल्या अंगानं झिजलाय? डाव्या की उजव्या?" तो बिचारा सोबत्यांकडे बघे. आपण जमिनीच्या भांडणासाठी आलो आहोत की नांगर विकायला, हेच त्याला कळेनासं होई.

आम्ही दोघे सरकारच्या मजालसीत कारकून होतो. मजालस म्हणजे राज्यातली थोर सभा. गावोगावचे तंटे आणि हक्क तिथं ठरत. जे ठरे त्याचा कागद होई, त्याला महजर म्हणत, आणि महजराच्या तळाशी दोन्ही पक्षांची आणि साक्षीदारांची खूण लागे. ज्यांना अक्षर येत नसे त्यांची निशाणी कारकुनानं काढायची: कुणब्याचा नांगर, सुताराचा वाकस, कुंभाराचं चाक, बाईची बांगडी. मी चार रेघांत नांगर उरकत असे. पंतांचा एक नांगर पुरा होईतो माझे तीन कागद वाळून गुंडाळलेसुद्धा जात. त्यांच्या नांगराला झिजलेला फाळ असे, हातात धरायच्या रुमण्याला बांधलेली सुतळी असे, एकदा तर भेगसुद्धा होती. मी म्हटलं, अहो, नांगर तो नांगर, कोण बघतंय. ते म्हणाले, "अंदाजे नको."

हे त्यांचं नेहमीचं बोलणं. सदाशिव पेठेत आमची घरं समोरासमोर. सणाला आमच्याकडे जेवायला आले की आमची मंडळी विचारी, चारसहा पोळ्या तरी घ्याल ना? "अंदाजे नको, वहिनी." मग सहा ठरत. सहा झाल्या की सातवी कितीही आग्रह केला तरी पानात पडत नसे. मंडळी नंतर मला म्हणाली, "तुमचे पंत जेवायला येतात की मोजणीला?" त्यांचं लग्न झालेलं नव्हतं. एका मध्यस्थानं मुलगी साधारण गोरी आहे असं सांगितलं, आणि 'साधारण' ऐकून पंतांनी पत्रिकाच परत केली, असं पेठेत बोललं जाई. खरंखोटं देव जाणे.

अशा माणसाची बढती होते कशाला? तीस वर्षांपूर्वी ते सतरंजीच्या ज्या टोकाला बसले, त्याच टोकाला अजून बसत होते. त्यांच्याकडून बोरू तासायला शिकलेले दोघे आता पालखीतून येत. पंतांना त्याचं काही वाटत नसे, निदान दिसत नसे. मला मात्र या माणसाचा थांग लागत नव्हता. वेडा म्हणावं तर तीस वर्षांत एक अक्षर चुकलेलं नाही. शहाणा म्हणावं तर नांगराच्या भेगेपायी अख्खी सभा ताटकळत ठेवतो.

मग वाघोलीकडची सारजा आली. नवरा वारला होता, मूलबाळ नव्हतं. नवऱ्याच्या वाट्याच्या विहिरीवरच्या जमिनीवर दीर हक्क सांगत होता. दोन दिवस साक्षी झाल्या आणि जमीन सारजेकडे राहावी असं सभेनं ठरवलं. आता महजरावर दोघांच्या खुणा झाल्या की संपलं. खूण राहिली तर कागद अपुरा, आणि अपुऱ्या कागदावर दीर पुन्हा भांडायला मोकळा. दिराचा नांगर झाला. पंत सारजेपुढे आले, तिच्या हातांकडे पाहिलं आणि बोरू खाली ठेवला.

"बांगडी नाही," ते मला हळूच म्हणाले.

मी म्हटलं, अहो, विधवा आहे, कुठून असणार. रिवाज आहे, काढा एक गोल आणि सुटा. ते हलेनात. सभेत चुळबुळ सुरू झाली. काय अडलंय हे कोणालाच कळेना. सारजा एकदा माझ्याकडे, एकदा पंतांकडे बघत होती. दीर तेवढा खुशीत होता. हा म्हातारा आपल्याच बाजूचा आहे असं त्याला वाटलं असावं, आणि खरं सांगतो, मलाही क्षणभर तसंच वाटलं. मला त्यांचा संताप आला.

पंतांनी तिला विचारलं, घरी हातात काय असतं? ती म्हणाली, "जातं. दुसरं काय असनार?" जातं कसं आहे? तिला वाटलं, हा थट्टा करतोय. तरी रडवेल्या आवाजात तिनं सांगितलं, की वरच्या पाळूचा टवका उडालाय आणि खुंट्याला चिंधी गुंडाळली हाय. पंत काढत गेले. जातं, टवका, चिंधी.

दीर ओरडला, असली निशाणी कधी कुणी पाहिली नाही, बाईची खूण बांगडीच. सभानायकांनी कागद मागवला, उलटासुलटा करून पाहिला, बाजूच्या शास्त्रीबुवांना विचारलं. शास्त्रीबुवांनी कागद तसाच परत दिला. शेवटी सभानायक वैतागून म्हणाले, बांगडी काढा.

सभेत कारकुनानं बोलायचं नाही, असा नेम होता. पंत उभे राहिले.

"आज्ञा असेल तर काढतो," ते म्हणाले. "पण बांगडी म्हणजे नुसता गोल. उद्या हिच्या दिरानं दुसऱ्या कागदावर तसाच गोल काढून आणला, तर तो हिचा नाही हे आपण कशावरून ओळखणार?"

दिरानं मान खाली घातली. सभानायकांनी तो टवका बराच वेळ न्याहाळला आणि शिक्का करायला सांगितलं. सारजा जमीन घेऊन गावी गेली. जाताना तिनं पंतांना नमस्कार केला नाही. मला वाटतं, हा माणूस आपल्यासाठी काय करून गेला हे तिला उमगलंच नव्हतं.

दुसऱ्या दिवशी पंतांची जागा मला मिळाली. सभेत तोंड उघडल्याबद्दल त्यांना मागच्या खोलीत पाठवलं. तिथं जुने कागद फडक्यात गुंडाळून रुमाल बांधायचे, एवढंच काम. मला शरम वाटली. दुपारी मी त्यांना भेटायला गेलो आणि जे इतकी वर्षं विचारलं नव्हतं ते विचारलं, की हे वेड आलं कुठून?

ते रुमाल बांधतच बोलले. वीस वर्षांचे असताना गावच्या कुलकर्ण्याकडे नुकते लिहायला लागले होते. वडील नव्हते. एक दिवस काकांनी कागद आणला, म्हणाले, वहिनीची, म्हणजे तुझ्या आईची, संमती आहे, तिची निशाणी तेवढी काढ. पंतांनी काढली. त्या कागदानं त्यांचं राहतं घर काकांकडे गेलं.

"आईला पंचांनी कागद दाखवला," ते म्हणाले. "तिनं एवढंच विचारलं, माझ्या हातात बांगडी कुठंय?"

मी विचारलं, कागदावरची ती बांगडी कोणी काढली हे आईला कळलं का?

"तिनं विचारलं नाही. मी सांगितलं नाही. पुण्याला आणली, सात वर्षं माझ्याजवळ होती. रोज सांगणार होतो." त्यांनी फडक्याची घडी सारखी केली. "ती गेली, बापूराव. आज तुम्हाला सांगतोय."

मी त्यांच्यासमोर खाली बसलो आणि रुमालाचं दुसरं टोक धरलं. त्यांनी गाठ मारली, ती नीट बसली नाही म्हणून सोडली, आणि पुन्हा मारली. तोवर मी ते टोक धरून राहिलो.