खोलवड्याचा दुसरा साकव

संगमेश्वर तालुक्यातल्या खोलवडे गावात गेल्या शिमग्यापासून गोष्टींची साथ आहे. रोग साधाच. ‘तुला म्हणून सांगते, कुणाला बोलू नको’ या शब्दांबरोबर तो कानात शिरतो आणि तोंडावाटे बाहेर पडतो. गोष्ट गावभर फिरून पहिल्या तोंडाकडे परत आली, की खरी होते. आप्पांच्या फणसाला हापूस लागल्याची गोष्ट अशीच फिरली आणि दुसऱ्या दिवशी आप्पा आंबे काढायचा झेला घेऊन फणसाखाली उभे राहिले. सर्वेश लांज्याच्या मुलीबरोबर पळाल्याचं बोललं गेलं. तो बिचारा घरी झोपला होता, जागा झाला तो लांज्यात, गळ्यात हार. मुलगी त्याला नाव विचारत होती.

आरोग्य खात्यानं तातडीनं सर्वेक्षण हाती घेतलं. कर्मचारी घरोघर जाऊन विचारू लागले, “आप्पांच्या फणसाचं काही ऐकलंत का?” ज्यांनी ऐकलं नव्हतं त्यांनीही ऐकलं आणि गावातले उरलेसुरले फणसही हातचे गेले.

ग्रामसेवक प्रमोद या साथीपासून लांब होता. तो अफवा पसरवत नसे, अहवाल पाठवत असे. फरक एवढाच, की अफवेवर लोकांचा विश्वास असतो. त्याच्या अहवालानुसार वरच्या वाडीच्या पऱ्यावरचा साकव, म्हणजे ओढ्यावरचा छोटा पूल, मार्चअखेर पूर्ण झाला होता. वाडीतली पोरं मात्र दप्तर डोक्यावर धरून दगडांवरून उड्या मारतच शाळेत येत, कारण ती अहवाल वाचत नसत. साकवाच्या पैशांचा रत्नागिरीत एक छान फ्लॅट झाला होता. गॅलरीतून समुद्राचा तुकडा दिसे.

अशात तपासणी लागली. सोमवारी विस्तार अधिकारी साकव पाहायला येणार होते. प्रमोदच्या तोंडचं पाणी पळालं. साकव दिसला नाही तर नोकरी जाणार, मागोमाग फ्लॅट. मग त्याला सुचलं, की औषध गावातच आहे.

त्यानं ग्रामसभेत साकव झाल्याचं वाचून दाखवलं. काही झालं नाही. गावच्या व्हॉट्सॲप गटावर टाकलं. दोघांनी अंगठा दिला, एकानं ‘शुभ सकाळ’ म्हटलं. सरकारी गोष्टीची बाधा कुणाला होत नाही, हे इतक्या वर्षांच्या नोकरीत त्याला कळायला हवं होतं. शेवटी नाक मुठीत धरून तो एसटीच्या थांब्यावर गेला. तिथं सुकट विकणारी गोदूबाई म्हणजे साथीचं उगमस्थान.

“पऱ्यावर साकव झाला, असं सांग सगळ्यांना,” प्रमोद म्हणाला.

“मंग?”

“मग काय? झाला.”

“भाऊसाहेब, ह्यात मीठच नाय. झाला तर झाला. कोन कुनासंगं गेलं? कुनाचं नाक कापलं? आसली गोष्ट थांब्यावरनं उठायची पन नाय.”

“मग माझं नाव घाल त्यात.”

“तुमी साकवाचे पैसे खाल्लात, आसं घालू?”

प्रमोदनं इकडेतिकडे पाहिलं. “नको, नको!”

“तसं पन चालायचं नाय ते. खरं हाय. खऱ्याला कोन ईचारतंय?” तिनं सुकटीवरच्या माश्या हाकलल्या आणि एकदम तिचे डोळे चमकले. “भाऊसाहेबानं सोताच्या पैशानं साकव बांधला! आसं कुनी कदी ऐकलंय?”

कुणीच ऐकलं नव्हतं. गोष्ट वाऱ्यासारखी सुटली. लोक हातातला घास तसाच धरून ऐकत होते. ग्रामसेवकानं? स्वतःच्या पैशानं? काय सांगतेस! संध्याकाळच्या गाडीनं गोष्ट देवरुखला जाऊन परत गोदूबाईच्या कानावरसुद्धा आली.

सकाळी पऱ्यावर साकव उभा होता. प्रमोद तो डोळे भरून बघत असतानाच रत्नागिरीहून बायकोचा फोन आला.

“अहो, आपला हॉल कुठाय?” स्नेहल रडकुंडीला आली होती. “बेडरूमही नाही. मी सोफ्यावरच बसलेय, पण खाली पार्किंगमध्ये!”

प्रमोदनं पायाखाली पाहिलं. फरशी हॉलची होती. कठडा गॅलरीचा होता. इतक्यात वरच्या वाडीची वेदिका साकवावरून धावत आली आणि मध्येच थांबून आपल्या बुटांकडे बघत म्हणाली, “भाऊसाहेब, कोरडे!” आणि प्रमोदला इतका आनंद झाला, की त्याची त्यालाच लाज वाटली. स्वतःच्या पैशानं साकव बांधणारा माणूस प्रामाणिक असणारच. गोष्ट त्यालाही बाधली होती.

सोमवारी विस्तार अधिकारी आले. साकव पाहिला आणि फाईल पाहिली.

“मार्चमध्ये साकव पूर्ण झालाय. मग हा दुसरा. याची मंजुरी?”

“साहेब, पहिला नव्हताच. पैसे मी खाल्ले.”

“नव्हता कसा? तुमचीच सही आहे. वरिष्ठांनीही केली आहे. आता तो नाही म्हणता येणार नाही.”

आदेश निघाला. दुसरा साकव अनधिकृत असल्यानं पाडण्यात यावा. ग्रामस्थांची गैरसोय टाळण्यासाठी त्यांनी पहिल्या साकवाचा वापर करावा.

प्रमोद धावत थांब्यावर गेला. गोदूबाई म्हणाली, “कायतरी खोटं घालूया.” पण प्रामाणिकपणा त्याच्या अंगात पुरता मुरला होता. “नको. आहे तेच सांग. पोरांचा साकव पाडतायत, सगळ्यांनी या.”

बिचारी घसा बसेपर्यंत घरोघर फिरली. पण बातमी खरी होती. ती एका घरातून दुसऱ्या घरात गेलीच नाही. जेसीबी आला तेव्हा साकवावर प्रमोद, गोदूबाई आणि दप्तर घेतलेली वेदिका, एवढेच उभे होते. त्यांना बाजूला करायला वेळ लागला नाही.

पोरं पुन्हा दगडांवरून उड्या मारतात. आता राहिलात तुम्ही. फणसाचा हापूस, लांज्यातला नवरदेव, पार्किंगमधला सोफा, यांच्यासाठी इथवर आलात. ‘वरच्या वाडीच्या पोरांना साकव नाही’ एवढंच सांगितलं असतं, तर पहिल्याच ओळीला पान उलटलं असतंत. आणि लिहिणाऱ्यानं तरी कुठं लिहिलं असतं?